रॉलिंग्जचा मेजर लीग चेंडू, पिचरच्या बोटांनी तपासलेला

खोक्यातून काढलेला, अमेरिकेच्या मेजर लीग बेसबॉलचा नवाकोरा चेंडू हातात घेतला की क्रिकेटमध्ये वाढलेल्या माणसाला दोन गोष्टी लगेच जाणवतात. एक म्हणजे तो हलका आहे. क्रिकेटचा चेंडू १५६ ते १६३ ग्रॅमचा, हा १४२ ते १४९ ग्रॅमच्या आत. घेर मात्र थोडा जास्त, २२.९ ते २३.५ सेंटिमीटर. दुसरी गोष्ट म्हणजे तो निसरडा आहे. कोरडा, गुळगुळीत, वर पावडर चोळल्यासारखा. बोटं ठेवावीत तर कातड्यावरून सरकतात आणि शिवणीवर येऊन अडकतात.

हा चेंडू १९७७ पासून रॉलिंग्ज ही कंपनीच पुरवते. त्याआधी शंभर वर्षं स्पाल्डिंगचा होता. आता कोस्टा रिकामधल्या तुरिआल्बा गावातल्या कारखान्यात तो बनतो. अमेरिकेत एक चेंडू साधारण पंचवीस-तीस डॉलरला मिळतो. त्याच्याविषयी जे लिहिलं जातं ते बहुतेक बॅटरच्या बाजूचं असतं: किती लांब उडतो, होम रन (कुंपणापलीकडे मारलेले फटके) वाढले की घटले. पण चेंडू हातात धरून, दाबून, पिळून सोडणारा माणूस पिचर, म्हणजे बेसबॉलचा गोलंदाज, आहे. एका सामन्यात नव्वद-शंभर वेळा, हंगामात तीस-बत्तीस सामने, शिवाय सरावातले वेगळे. त्याची बोटं, नखं, मनगट आणि कोपर या वस्तूवरच झिजतात. म्हणून हे परीक्षण त्याच्या बाजूने.

आधी आतलं बघू, कारण कारागिरीला खरोखर दाद द्यावी अशी आहे. मध्यभागी बुचाच्या लाकडाचा गाभा, त्यावर रबराचे दोन थर, एक काळा, एक लाल. हा सगळा गोळा साडेतीन सेंटिमीटर व्यासाचा. त्यावर धाग्याचे चार थर गुंडाळतात: पहिला करड्या लोकरीचा चार पदरी धागा सुमारे ११० मीटर, मग पांढऱ्या लोकरीचा तीन पदरी ४१ मीटर, पुन्हा करड्या लोकरीचा ४८ मीटर, आणि सर्वांत वर सुती-पॉलिस्टर मिश्रणाचा बारीक धागा १३७ मीटर. म्हणजे एका चेंडूत तिनशे तीस मीटरहून जास्त धागा. पहिल्या थराचा ताण किती, यावर चेंडूचा जिवंतपणा ठरतो. याच थरात नंतर गडबड झाली, तिच्याकडे पुढे येऊ.

वरचं आवरण गाईच्या कातड्याचं. १९७४ पर्यंत ते घोड्याचं होतं. इंग्रजी आठच्या आकड्यासारखे दोन तुकडे एकमेकांत बसवतात आणि मेण लावलेल्या लाल दोऱ्याने शिवतात. दोरा सव्वादोन मीटर, टाके १०८ जोड्या. हे सगळं अजूनही हाताने होतं. पहिला आणि शेवटचा टाका आत दडवतात, त्यामुळे कितीही शोधलं तरी गाठ सापडत नाही. शिवताना कातडं ओलसर असतं. शिवून झालं की चेंडू लाकडी साच्यात काही सेकंद फिरवतात आणि उठलेली शिवण दाबून बसवतात. या दाबण्यावर पिचरचं पोट आहे असं म्हटलं तरी चालेल. शिवण थोडी जास्त दबली तर बोटाला आधार कमी, थोडी उठून राहिली तर हवेत चेंडू जास्त वळतो आणि जास्त मंदावतोही. ओलसर कातडं वाळताना दोरा किती आवळला जाईल, हे प्रत्येक हाताप्रमाणे थोडं बदलतं. शंभर चेंडू रांगेने ठेवून अंगठा फिरवला तर हा फरक बोटाला कळतो, डोळ्याला दिसत नाही.

चेंडू धरायचा कसा हे एकदा समजलं की शिवणीचं महत्त्व आपोआप लक्षात येतं. सरळ वेगवान चेंडूसाठी, म्हणजे फोर-सीमसाठी, घोड्याच्या नालेसारखा शिवणीचा जो भाग आहे तो आडवा धरायचा आणि तर्जनी व मधल्या बोटाची पेरं त्या शिवणीवर आडवी टेकवायची. अंगठा खालून, शक्यतो गुळगुळीत कातड्यावर. चेंडू आणि तळहात यांत फट राहिली पाहिजे. तळहाताला चिकटला की वेग गेला. सुटताना शेवटचा स्पर्श मधल्या बोटाच्या पेराचा, आणि तिथे शिवणीला मागे ओढल्याने चेंडू उलट फिरत जातो. मेजर लीगमध्ये हा फेरा मिनिटाला साधारण २,३०० असतो. टू-सीमसाठी शिवणी जिथे सर्वांत जवळ येतात तिथे बोटं लांबीला ठेवतात. कर्व्हबॉलला मधलं बोट शिवणीच्या कडेला लावून खाली ओढायचं. स्प्लिटरला बोटं फाकवून चेंडू त्यांच्यामध्ये कोंबतात, आणि तिथे बोटांच्या बाजूंना बहुतेक नुसतं कातडंच लागतं, शिवण जवळपास नाही. निसरड्या चेंडूची सर्वांत मोठी शिक्षा या स्प्लिटरला. नीट धरला गेला नाही की तो खाली पडायचा सोडून मधोमध तरंगत येतो, आणि १८.४४ मीटरवर उभा असलेला बॅटर त्याचीच वाट बघत असतो.

आता निसरडेपणाचा मूळ मुद्दा. क्रिकेटमध्ये चेंडू जुना होत जातो. गोलंदाज एक बाजू चकाकवतो, दुसरी खडबडीत होऊ देतो, चाळिसाव्या षटकापर्यंत त्याची आणि चेंडूची ओळख झालेली असते. बेसबॉलमध्ये चेंडू जुना होतच नाही. जमिनीला लागला की बाहेर, बॅट घासून गेली की बहुतेक वेळा बाहेर. एका सामन्याला आठ-दहा डझन चेंडू लागतात. म्हणजे पिचरच्या हातात दर थोड्या वेळाने एक अनोळखी, कोरा चेंडू येतो आणि त्याला खरवडायची, थुंकी लावायची, कपड्यावर घासायची परवानगी नाही. त्याच्या हातात येण्याआधी दुसऱ्या कुणीतरी तो जसा तयार केला असेल, तसा त्याने स्वीकारायचा.

हे असं का झालं त्याला इतिहास आहे. १९२० साली थुंकी लावलेला चेंडू बेकायदा ठरला. जे आधीपासून टाकत होते त्यांना निवृत्तीपर्यंत सूट मिळाली, त्यांतला शेवटचा बर्ले ग्राइम्स १९३४ मध्ये थांबला. त्याच १९२० च्या ऑगस्टमध्ये न्यूयॉर्कच्या पोलो ग्राउंड्सवर कार्ल मेजने टाकलेला चेंडू क्लीव्हलँडच्या रे चॅपमनच्या डोक्याला लागला आणि दुसऱ्या दिवशी तो गेला. त्या काळी एकच चेंडू काळाकुट्ट होईपर्यंत चालवत, संध्याकाळच्या उजेडात तो दिसत नसे. त्यानंतर स्वच्छ, पांढरे चेंडू खेळात ठेवण्याची शिस्त लागली. बॅटरचा जीव वाचला, पण पिचरच्या हातात कायम कोरा चेंडू राहिला.

त्यावरचा उपाय म्हणजे चिखल. फिलाडेल्फिया अॅथलेटिक्सचा कोच लीना ब्लॅकबर्न याने १९३८ मध्ये न्यू जर्सीच्या बाजूला डेलावेअर नदीच्या एका उपप्रवाहाकाठचा चिखल शोधला. नेमकी जागा आजही बाहेर सांगत नाहीत. त्याआधी मैदानातली माती आणि पाणी, तंबाखूचा रस, बुटाचं पॉलिश असले उद्योग चालत. या चिखलाने कातडं काळं न पडता त्याची चमक जाते. त्यातला चिकट, मऊ भाग क्रीमसारखा पसरतो आणि बारीक वाळूचे कण कातड्यावर अडकून राहतात. २०२४ मध्ये पेनसिल्व्हेनिया विद्यापीठातल्या संशोधकांनी तो प्रयोगशाळेत तपासला तेव्हा नेमकं हेच दिसलं. पन्नासच्या दशकापासून मेजर लीगच्या अमेरिकन आणि नॅशनल अशा दोन्ही लीगमध्ये हाच चिखल वापरला जातो.

चिखल लावणं म्हणजे चेंडू बुचकळून काढणं नव्हे. बोटाच्या टोकावर मावेल एवढा चिखल, त्यात दोन थेंब पाणी, दोन्ही तळहातांवर पसरायचा आणि मग चेंडू तळहातांमध्ये फिरवत दाबून चोळायचा. निदान अर्धा मिनिट. रंग पांढऱ्याचा फिकट साय-बदामी व्हायला हवा, सगळीकडे सारखा. चुका होतात त्या तीन. पाणी जास्त झालं की कातडं फुगतं आणि वाळल्यावर कडक होतं. चिखल शिवणीच्या फटीत साचला की वाळून भुगा होतो आणि बोटाखाली सरकतो. आणि आदल्या दिवशी चोळून बादलीत एकावर एक रचले की खालच्यांवरचा थर निघून जातो. वर्षानुवर्षं प्रत्येक मैदानावर ज्याची त्याची पद्धत होती, त्यामुळे एकाच संघाला दोन शहरांत दोन प्रकारचे चेंडू मिळत. २०२२ मध्ये लीगने नियम घट्ट केले: सामन्याच्याच दिवशी चोळायचे, त्या दिवसाचे सगळे चेंडू तीन तासांच्या आत उरकायचे, प्रत्येकाला किमान तीस सेकंद. सुधारणा नक्कीच झाली. पण कित्येक कोटींच्या उद्योगात वस्तूची शेवटची सफाई नदीकाठच्या चिखलावर आणि कुणाच्या तरी तळहातावर अवलंबून आहे, ही या चेंडूची मूळ उणीव आहे आणि ती अजून मिटलेली नाही.

पिचरला अधिकृतपणे मिळणारी दुसरी मदत म्हणजे राळ. मल्लखांबवाले हाताला लावतात तीच जात. पिचर उभा राहतो त्या टेकाडामागे पिशवीत ठेवलेली असते. हाताला लावता येते, चेंडूला किंवा ग्लव्हला लावता येत नाही. राळेचं काम ओलाव्यावर चालतं. घाम असेल तर ती चिकट होते, हात कोरडा असेल तर नुसती भुकटी उडते. त्यामुळे जुलैच्या दमट दुपारी ती उत्तम चालते आणि एप्रिलमधल्या शिकागोच्या थंड रात्री तिचा काही उपयोग होत नाही. नेमकी तेव्हाच तिची गरज जास्त असते.

म्हणूनच बेकायदा चिकट पदार्थ आले. सुरुवातीला सनस्क्रीन आणि राळ, मग पाइनचं डांबर, आणि शेवटी स्पायडर टॅकसारखी पेस्ट, जी अवजड दगड उचलणाऱ्या स्ट्राँगमन स्पर्धकांसाठी बनवलेली होती. पहिल्या दोनांचा हेतू पकड हा होता. शेवटची लावली की फेरे मिनिटाला शेकड्यांनी वाढतात आणि सरळ चेंडू बॅटरला वर उठल्यासारखा भासतो. २३ एप्रिल २०१४ ला मायकेल पिनेडा मानेवर डांबराचा चकाकणारा पट्टा घेऊन मैदानात आला आणि हाकलला गेला, दहा सामन्यांची बंदी झाली. २१ जून २०२१ पासून पंच प्रत्येक पिचरचे हात, टोपी, पट्टा तपासू लागले. १९ एप्रिल २०२३ ला मॅक्स शर्झरला बाहेर काढलं तेव्हा तो सांगत होता की हा फक्त घाम आणि राळ आहे. दोन्ही गोष्टी कायदेशीर. पण दोन्ही मिळून किती चिकट व्हावं याचं मोजमाप नाही, पंचाच्या बोटाला जे वाटेल ते खरं. त्यालाही दहा सामने बसावं लागलं. चेंडू कारखान्यातूनच पुरेसा धरता येण्याजोगा आला असता तर या अर्ध्या गोष्टी घडल्याच नसत्या, हे आमचं स्पष्ट मत आहे.

आता शरीराची किंमत. पहिली बोटांची. शिवण मधल्या बोटाच्या पेराला प्रत्येक चेंडूला घासते आणि फोड येतात. नोलन रायन साठच्या दशकात न्यूयॉर्क मेट्समध्ये असताना बोटं लोणच्याच्या खाऱ्या पाण्यात बुडवून ठेवायचा, म्हणजे कातडी घट्ट व्हावी. त्याच बोटांनी तो १९६६ ते १९९३ असे २७ हंगाम खेळला, ५,७१४ बॅटर स्ट्राइकआउट केले, म्हणजे तीन स्ट्राइकवर बाद केले, सात नो-हिटर (समोरच्या संघाला एकही हिट न देता संपवलेले सामने) टाकल्या. पण सगळ्यांचं नशीब तसं नसतं. टोरांटोचा आरन सँचेझ २०१६ मध्ये अमेरिकन लीगचा सर्वांत कमी ईआरए (नऊ डावांमागे दिलेल्या धावांची सरासरी) असलेला पिचर होता, ३.००. पुढच्या वर्षी मधल्या बोटाच्या फोडाने त्याला फक्त आठ सामने सुरू करता आले. त्या हंगामात रिच हिल आणि इतरही काही पिचर फोडांनी बसले. फोड येतो तो बहुधा नखाच्या कडेला, कारण तिथली कातडी पातळ आणि शिवण तिरकी घासते. नख बोटाच्या टोकाच्या किंचित आत ठेवणं, सरावानंतर घट्टा कानशीने सपाट करणं आणि फोड दिसताच कर्व्हबॉल बंद करणं, एवढंच खरोखर उपयोगी पडतं. सामन्यात पट्टी लावायला नियम परवानगी देत नाही.

दुसरी किंमत कोपराची, आणि इथे घाईने निष्कर्ष काढू नयेत. २५ सप्टेंबर १९७४ ला डॉ. फ्रँक जोब यांनी पिचर टॉमी जॉनच्या उजव्या हाताच्या मनगटाकडचा कंडरा काढून त्याच्या डाव्या कोपरातलं तुटलेलं अल्नर कोलॅटरल लिगामेंट (कोपराच्या आतल्या बाजूचा अस्थिबंध) नव्याने उभं केलं. शंभरात एक शक्यता, असं त्याला सांगितलं गेलं होतं. १९७५ चा हंगाम पूर्ण गेला, १९७६ मध्ये तो परतला आणि १९८९ पर्यंत खेळला. कारकिर्दीतल्या २८८ विजयांपैकी १६४ शस्त्रक्रियेनंतरचे. तो वेगाचा पिचर नव्हता. सिंकर टाकणारा, शिवणीवर अचूक बोट ठेवून चेंडू जमिनीकडे झुकवणारा. परत आल्यावर त्याला वेगाइतकीच बोटांची जाणीव परत मिळवावी लागली, आणि चेंडू त्याला समजला म्हणून तो टिकला.

याउलट जून २०२१ ची गोष्ट. टँपा बेचा टायलर ग्लॅसनाउ याने उघडपणे सांगितलं की चिकट पदार्थांवर कारवाई होणार म्हणून त्याने सनस्क्रीन-राळ सोडली, चेंडू घसरू नये म्हणून तो तळहाताच्या आत आणि जास्त घट्ट धरावा लागला, आणि त्यातून कोपर गेलं. त्याच वर्षी त्याची टॉमी जॉन शस्त्रक्रिया, म्हणजे वर सांगितलेली तीच, झाली. कारण पटण्याजोगं आहे: घट्ट आवळलेली बोटं पुढच्या हाताचे स्नायू आखडतात आणि ते स्नायू कोपराच्या आतल्या बाजूलाच बांधलेले असतात. तरीही सगळा दोष चेंडूवर टाकता येत नाही. डिसेंबर २०२४ मध्ये लीगने पिचरांच्या दुखापतींवर सविस्तर अहवाल दिला, त्यात मुख्य बोट आहे ते प्रत्येक चेंडू जीव तोडून टाकण्यावर आणि वेग व फेऱ्यांच्या हव्यासावर. निसरडा चेंडू हे त्या आगीतलं तेल आहे. आग लावणारा तो नाही.

तुलनेला जपानचा मिझुनोचा चेंडू घ्यायलाच हवा. २०११ पासून जपानच्या व्यावसायिक लीगमध्ये तोच एक चेंडू आहे. वजन-घेराच्या मर्यादा जवळपास त्याच, पण प्रत्यक्षात हाताला किंचित लहान वाटतो, आणि कातड्याला मूळचीच ओलसर पकड आहे. हातात घेतला की बोटं जागच्या जागी बसतात. तिथून अमेरिकेत येणाऱ्या प्रत्येक पिचरला पहिले काही महिने पकड नव्याने शिकावी लागते. स्प्लिटर आणि तसाच बोटं फाकवून धरायचा फोर्क हे जपानी पिचरांचं हुकमी अस्त्र, आणि नेमका तोच चेंडू मेजर लीगच्या कातड्यावर अवघड. तरीही हिदेओ नोमोपासून योशिनोबू यामामोतोपर्यंत अनेकांनी ते जमवलं. वर्ल्ड बेसबॉल क्लासिक या देशांच्या संघांच्या स्पर्धेत मेजर लीगचा चेंडू असतो, म्हणून जपानी पिचर हिवाळ्यातच त्याच्यावर सराव सुरू करतात. जपान हे जेतेपद २००६, २००९ आणि २०२३ असं तीनदा घेऊन गेलं.

मिझुनोचा चेंडूही धुतल्या तांदळासारखा नाही. २०१३ मध्ये उघड झालं की तो गुपचूप बदलून जास्त उडणारा केला होता. पिचरांना सांगितलंच नव्हतं. आयुक्त र्योझो काटो यांना पद सोडावं लागलं. पण पिचरच्या हाताला बसणारी वस्तू म्हणून विचाराल तर मिझुनो पुढे, आणि फरक थोडाथोडका नाही. रॉलिंग्जने आधीच चिकट केलेला चेंडू बनवून पाहिला आहे. २०२३ मध्ये मेजर लीगखालच्या दुसऱ्या पायरीवरच्या सदर्न लीगमध्ये तो वापरला आणि हंगामाच्या अर्ध्यावरच मागे घेतला. अमेरिकी कातड्यावर वरून थर चढवणं आणि कातडंच तसं कमावणं, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत असं यावरून दिसतं.

सातत्यावर या चेंडूला गुण कमीच द्यावे लागतात. २०१९ मध्ये मेजर लीगमध्ये ६,७७६ होम रन झाले, आजवरचा विक्रम, कारण चेंडूला हवेचा अडथळा कमी झाला होता. त्याच वर्षी ट्रिपल-एमध्ये, म्हणजे खालच्या सर्वांत वरच्या पायरीवर, पहिल्यांदा मेजर लीगचा चेंडू आणला आणि तिथेही होम रनचा पूर आला. २०२१ साठी लोकरीच्या त्या पहिल्या थराचा ताण सैल केला, चेंडू जरासा हलका आणि मंद झाला. मग त्या हंगामात जुने आणि नवे असे दोन्ही चेंडू खेळात होते हेही बाहेर आलं. पिचरने एका डावात दोन वेगळ्या वस्तू फेकायच्या आणि आकडे मात्र त्याच्या नावावर जमा व्हायचे, हे अन्यायाचंच आहे.

एक सुधारणा मात्र मनापासून चांगली आहे: ह्युमिडॉर, म्हणजे ओलावा राखणारी खोली. डेन्व्हरच्या कोरड्या, विरळ हवेत चेंडू सुकून कडक आणि गुळगुळीत होत, म्हणून २००२ मध्ये कूर्स फील्डवर ती आली. २०२२ पासून तीसही मैदानांवर आहे. सापेक्ष आर्द्रता ५७ टक्के, फक्त डेन्व्हरला ६५. चेंडू किमान दोन आठवडे तिथे मुरतात. कोरड्या शहरांत पकड त्यामुळे नक्की सुधारली.

आता विकत घेणाऱ्यांसाठी. पिचर मोठा होतो तसा त्याच्या हातातला चेंडू बदलत जातो, आणि हे न कळल्याने चुकीची खरेदी होते. अमेरिकेत न्यू जर्सी, कॅलिफोर्नियात लिटल लीगमध्ये मुलं घालणारी मराठी घरं आता पुष्कळ आहेत, त्यांनी मेजर लीगचा चेंडू सरावाला आणू नये. लहान हाताला तो निसरडा पडतो आणि मूल तो तळहातात कोंबायला शिकतं. ही सवय पुढे जाता जात नाही. त्यांना लिटल लीगचा शिक्का असलेला आरएस किंवा स्पर्धेचा आरएस-टी घ्यावा. आकार तोच असतो, म्हणून नऊ-दहा वर्षांच्या मुलाने बिनधास्त तीन बोटांनी धरावा. आणि चेंडूइतकाच मोजणीचा नियम पाळावा: एका दिवसात सात-आठ वर्षांच्याने ५०, नऊ-दहाच्याने ७५, अकरा-बाराच्याने ८५ चेंडू, त्यापुढे नाही.

शाळेच्या वरच्या वर्गांसाठी उठलेल्या शिवणीचा चेंडू असतो. २०२० पासून त्यावर एनओसीएसएई या अमेरिकी क्रीडासाहित्य-सुरक्षा संस्थेचा शिक्का लागतो. कॉलेजांनी २०१५ पासून चपटी शिवण घेतली, ०.०४८ इंचांवरून ०.०३१ इंच. ऐकायला किरकोळ, पण बोटाला मोठा फरक. उठलेल्या शिवणीवर ज्याचा कर्व्ह हातभर वळत होता त्याचा चपट्यावर वीतभर वळतो. तेव्हा ज्या स्पर्धेत खेळायचं तिचाच चेंडू सरावाला वापरणं हे सर्वांत महत्त्वाचं.

महाराष्ट्रात बेसबॉलकडे बहुतेक मुलं सॉफ्टबॉलमधून येतात. सॉफ्टबॉलचा घेर तीस सेंटिमीटरचा, टाकायचा खालून, त्यामुळे फेकीची पकड नव्याने लावावी लागते. इथल्या मुरमाड मैदानावर मेजर लीगचा चेंडू म्हणजे पैशाची नासाडी. कातडं अर्ध्या तासात खरवडतं. सरावाला उठलेल्या शिवणीचे, कृत्रिम आवरणाचे चेंडू डझनाने घ्यावेत आणि पकड शिकायला एक अस्सल चेंडू बाजूला ठेवावा. अस्सलवर ‘मेजर लीग बेसबॉल’ अशी छाप आणि लीगच्या आयुक्तांची सही असते. नुसतं ‘ऑफिशियल लीग’ कुणीही छापतं. त्या दोन शब्दांवर जाऊ नका, खोक्यावर आवरण कशाचं आणि आत लोकर किती टक्के ते वाचा. परदेशातून मागवला तर पाठवणावळ आणि सीमाशुल्क वेगळं धरा.

रिंकू सिंग आणि दिनेश पटेल हे उत्तर प्रदेशातले भालाफेकपटू. २००८ मध्ये एका वेगवान फेकीच्या स्पर्धेतून निवडले गेले आणि पिट्सबर्ग पायरेट्सशी करारबद्ध झाले. त्यांच्या खांद्यात वेग होता. शिकावं लागलं ते बोटांचं काम: शिवण शोधणं, न बघता ग्लव्हच्या आत चेंडू फिरवून पकड लावणं. हे घरी बसून करता येतं आणि फुकट आहे. चेंडू हातात घेऊन उशीवर आडवं व्हावं, छताकडे दोन फूट उडवावा, झेलताच डोळे मिटून फोर-सीम पकड शोधावी. एका सेकंदाच्या आत नालेवर बोटं बसेपर्यंत. मग टू-सीम, मग कर्व्ह.

जपणूक साधी आहे. कोकण-मुंबईच्या पावसाळ्यात चेंडू बंद डब्यात सिलिका जेलच्या पुडीसोबत ठेवा, नाहीतर लोकर ओलावा ओढून जड होते आणि कातड्याला बुरशी येते. विदर्भ-मराठवाड्याच्या उन्हाळ्यात उलट करा: पुडी काढून टाका आणि डब्यात ओलं करून पिळलेलं फडकं एका वाटीत ठेवा, चेंडूला न लागता. गाडीच्या डिकीत ठेवू नका. ओला झाला तर पंख्याखाली सावलीत वाळवा, हीटर किंवा उन्हात वाळवलेला चेंडू आकसतो आणि टाके सैल पडतात. एखादा टाका तुटला तर तो चेंडू पिचिंगला वापरू नका. तिथून कातडं उचकटतं, बोटाचं नख अडकतं आणि चेंडू कुठे जाईल याचा भरवसा राहत नाही. त्याला जाळीत मारायच्या बॅटिंगच्या सरावाला लावा.